‘सावित्री’ नावाचे पाकीट: एका वाचनालयात झालेल्या चुकीचा प्रकरण अभ्यास

सावित्री नदीच्या काठावरील एका शासनमान्य ‘ब’ वर्ग सार्वजनिक वाचनालयात मी काही वर्षे कार्यवाह म्हणून काम पाहिले. त्या काळात आमच्या कात्रण-विभागातून निघालेल्या एका चुकीची ही सविस्तर नोंद आहे. वर्धापनदिनाच्या प्रदर्शनातील एका फलकावर असे छापून आले की, तेलुगू आणि तमिळ चित्रपटांतील ख्यातनाम अभिनेत्री सावित्री यांचे बालपण आमच्या सावित्री नदीच्या काठी गेले. हे विधान साफ खोटे होते आणि छापण्यापूर्वी ते ज्या तिघांच्या नजरेखालून गेले त्यांपैकी एक मी होतो. फलक उतरवायला पाच मिनिटे पुरली; ही चूक नेमकी कोणत्या टप्प्यावर शिरली हे शोधण्यात मात्र दीड महिना गेला.

वाडी कुठली?

प्रदर्शनाचे नाव ‘सावित्रीकाठची माणसे’ असे होते. महाडसारखे गाव या नदीवर असल्यामुळे माणसांची वाण नव्हती. १९२७ सालच्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहाला एक अख्खी भिंत दिली होती, ‘काळ’ साप्ताहिकाचे संपादक शिवराम महादेव परांजपे यांचा जन्म महाडचा म्हणून त्यांचा फलक होता, खाडीत होड्या घालणाऱ्या आणि मासेमारी करणाऱ्या कुटुंबांची छायाचित्रे होती. कलावंतांची रांग तेवढी तोकडी पडली होती. ती भरून काढण्याची घाई हे या चुकीचे पहिले कारण, हे आता मागे वळून पाहताना स्पष्ट दिसते. त्या वेळी आम्हाला ते ‘संशोधन’ वाटत होते.

पहिले दोन दिवस फलकापुढे गर्दी होती. लोकांनी त्याचे फोटो काढले, एका शाळेच्या मुलांनी मजकूर वहीत उतरवून घेतला, आणि कोणीही शंका काढली नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी एसटीतून निवृत्त झालेले एक चालक आले. हे गृहस्थ रोज दहा वाजता येऊन वर्तमानपत्रे वाचतात आणि जाताना पाने जुळवून, घडी घालून ठेवतात. हात पाठीमागे बांधून त्यांनी फलक दोनदा वाचला आणि मला विचारले, “कार्यवाहसाहेब, बाई आपल्याकडच्या म्हणताय, तर वाडी कुठली त्यांची? घर आहे का अजून?”

कोकणात माणसाची ओळख पटवण्याची हीच रीत आहे. नुसते गाव सांगून भागत नाही. वाडी, ग्रामदैवत, माहेर, निदान कोणाच्या आगराला लागून घर, यांपैकी काहीतरी सांगता आले पाहिजे. आमच्यापाशी त्यातले काहीच नव्हते. मी फलक लिहिणाऱ्या कार्यकर्त्याला विचारले, त्याने तालिकापत्राकडे, म्हणजे यादीच्या खणातील नोंदीच्या कार्डाकडे, बोट दाखवले. तालिकापत्र करणाऱ्या मुलीने कात्रणांच्या पाकिटाकडे दाखवले. आणि पाकीट उघडल्यावर त्यातून नदी, नटी, व्रत, पूल आणि एक लष्करी पदक असे सगळे एकत्र बाहेर पडले.

पाकीट कसे फुगत गेले

आमच्याकडे कात्रणे विषयवार तपकिरी पाकिटांत ठेवत असत. पाकिटावर ठळक अक्षरांत एकच शब्द असे आणि तो सहसा मथळ्यातून उचललेला असे. ही पद्धत ‘भातशेती’, ‘हापूस’ किंवा ‘रायगड’ अशा विषयांपुरती ठीक चालते. ‘सावित्री’ या शब्दाला मात्र वर्षभर वेगवेगळ्या दारांनी कात्रणे येत राहिली. तारखा लावून पाहिल्या तेव्हा त्यांचे हंगाम दिसू लागले. ३ जानेवारीला सावित्रीबाई फुले यांची जयंती, म्हणून त्या आठवड्यात एक गठ्ठा. २६ जानेवारीच्या सुमारास परमवीर चक्राची रचना करणाऱ्या सावित्रीबाई खानोलकर यांच्यावर एखादा लेख. ज्येष्ठात वटपौर्णिमेला सत्यवान-सावित्रीच्या कथा आणि वडाच्या फांद्या तोडू नका असे सांगणारी पत्रे. पुढे पाऊस लागला की महाडात पाणी शिरल्याच्या बातम्या, आणि २०१६ नंतर दर ऑगस्टमध्ये महाडजवळचा नदीवरचा पूल कोसळल्याच्या दुर्घटनेची आठवण. मे २०१८ मध्ये अभिनेत्री सावित्री यांच्या जीवनावरील ‘महानटी’ हा तेलुगू चित्रपट प्रदर्शित झाला आणि त्या वर्षी मराठी पुरवण्यांतही त्यांच्यावर लेख आले. तेही याच पाकिटात गेले, कारण पाकिटावर नाव तेच होते.

सावित्रीबाई खानोलकरांचे उदाहरण इथे थोडे थांबून पाहण्यासारखे आहे. त्यांचा जन्म स्वित्झर्लंडमधला आणि मूळ नाव ईव्ह. विक्रम खानोलकर या लष्करी अधिकाऱ्याशी विवाह झाल्यावर त्यांनी सावित्री हे नाव घेतले. आडनावात वेंगुर्ले तालुक्यातले खानोली गाव आहे, त्यामुळे आमच्या एका सभासदाने त्यांनाही ‘आपल्या बाजूच्या’ म्हणून प्रदर्शनात घालण्याचा आग्रह धरला होता. तो फलक केवळ छायाचित्र मिळाले नाही म्हणून वगळला गेला. आमच्या सावधपणाला त्याचे श्रेय देता येणार नाही.

चूक नेमकी कुठे झाली

अभिनेत्री सावित्री यांचा जन्म आंध्रातील गुंटूर जिल्ह्यातल्या चिर्रावूर गावचा. बालपण विजयवाड्यात गेले, आणि विजयवाडा कृष्णेच्या काठी आहे. २०१८ च्या एका पुरवणीतील लेखात ही माहिती बरोबर दिलेली होती. तो लेख पानाच्या तळाशी होता आणि पुढचा मजकूर शेजारच्या रकान्यात गेला होता. कात्री चालवताना एका रकान्याची कड गेली. जे कात्रण पाकिटात आले त्यात नदीकाठच्या बालपणाचे, नृत्याच्या शिकवणीचे आणि नाटकांतल्या कामांचे वर्णन शाबूत होते. विजयवाडा आणि कृष्णा ही दोन नावे मात्र कापलेल्या पट्टीबरोबर रद्दीत गेली.

कात्रणावरून तालिकापत्र झाले. पत्रावर जागा कमी, म्हणून मजकूर तारेसारखा तुटक: “सावित्री. अभिनेत्री. बालपण नदीकाठी. नृत्य, नाटक. पुढे चित्रपट.” हे पत्र करणाऱ्या मुलीने काही चुकीचे लिहिले नव्हते, तिच्यापुढे जे होते ते तिने प्रामाणिकपणे आखडते करून लिहिले. तिच्या पत्राच्या मागेपुढे, त्याच शीर्षकाखाली, नदीची पत्रे होती: उगम, पूर, खाडी, पूल. फलक लिहिणाऱ्याने ती सगळी पत्रे एका बैठकीत वाचली. ‘सावित्री’ या शीर्षकाखाली ‘बालपण नदीकाठी’ असे वाचल्यावर, आणि प्रदर्शनाचे नावच ‘सावित्रीकाठची माणसे’ असल्यावर, त्याने रिकामी जागा भरली. “बालपण सावित्री नदीच्या काठी गेले.” नंतर मजकूर माझ्याकडे तपासायला आला. मी ऱ्हस्व-दीर्घ पाहिले, एक अनुस्वार काढला आणि सही केली.

म्हणजे तीन टप्प्यांपैकी पहिल्यात माहिती गळली, दुसऱ्यात ती गळल्याचे चिन्ह पुसले गेले आणि तिसऱ्यात त्या जागी जवळची दुसरी माहिती आली. कात्रणाच्या कडेला ‘अपूर्ण’ एवढे लिहिले असते तर पुढचे दोन्ही टप्पे टळले असते. निव्वळ अज्ञानातून झालेली चूक असती तर ती इतकी घरंदाज दिसली नसती. ही चूक आमच्याच नदीचे नाव घेऊन आली, म्हणून आम्ही तिला दारात अडवले नाही.

यातला खरा विरोधाभास नंतर लक्षात आला. कृष्णा आणि सावित्री या दोघींचा उगम क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात मानतात. कृष्णा, कोयना, वेण्णा, गायत्री आणि सावित्री या पाच नद्यांपैकी कृष्णा पूर्वेला वळते आणि सुमारे १,४०० किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळते. सावित्री पश्चिमेला कडा उतरते आणि शंभरएक किलोमीटरमध्ये अरबी समुद्र गाठते. अभिनेत्री सावित्री वाढली ती यांपैकी पहिलीच्या काठी, त्या नदीच्या प्रवासाच्या जवळजवळ अखेरच्या टप्प्यावर. आम्ही तिला डोंगर ओलांडून अलीकडे आणले.

नावाचे मूळ आणि गुरुजींचा आक्षेप

चुकीचा उलगडा झाल्यावर कार्यकारी मंडळापुढे प्रस्ताव आला की, ‘सावित्री’ हे पाकीट फोडून त्याची वेगवेगळी पाकिटे करावीत. त्याला आमच्या ज्येष्ठ सभासदांनी, ज्यांना सगळे गुरुजी म्हणतात, विरोध केला. “नाव एकाच देवीचं. नदीला तिचं, नटीला तिचं, वटपौर्णिमेलाही तिचंच. पाकिटं वेगळी करून तुम्ही काय वेगळं करणार?” असा त्यांचा मुद्दा होता. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता, कारण त्यात अर्धे सत्य होते. त्याचा निकाल लावण्यासाठी नावाचे मूळ पाहावे लागले.

‘सावित्री’ म्हणजे सवितृ या देवतेची, सूर्याची. ऋग्वेदाच्या तिसऱ्या मंडलातील सवितृदेवतेची प्रसिद्ध ऋचा छंदावरून गायत्री म्हणवते आणि देवतेवरून सावित्री. महाभारताच्या वनपर्वात मद्र देशाचा राजा अश्वपती अपत्यासाठी १८ वर्षे सावित्री देवीची आराधना करतो. देवी प्रसन्न होते, मुलगी होते आणि तिचे नाव देवीवरून सावित्री ठेवले जाते. म्हणजे सत्यवानाची सावित्री ही स्वतःच नाव घेतलेली आहे. मूळ नाव तिचे नव्हे. महाबळेश्वरची नदीकथा वेगळीच आहे. तिथली सावित्री ब्रह्मदेवाची पत्नी. यज्ञाला तिला यायला उशीर झाला, मुहूर्त टळू नये म्हणून गायत्रीला तिच्या जागी बसवले, आणि संतापलेल्या सावित्रीने देवांना नद्या होण्याचा शाप दिला: विष्णूची कृष्णा झाली, शंकराची वेण्णा, ब्रह्मदेवाची कोयना, सावित्री आणि गायत्री याही नद्या होऊन पश्चिमेला निघाल्या. वेदात गायत्री आणि सावित्री ही एकाच ऋचेची दोन नावे, आणि डोंगरावर त्याच दोघी सवती. गुरुजींनाही हे ऐकून क्षणभर गंमत वाटली.

यावरून एवढे निष्पन्न झाले की, आमच्या नदीचा वटपौर्णिमेशी थेट संबंध नाही. आमच्याच कोणीतरी वडाच्या पूजेची दोन कात्रणे ‘पतिव्रतेच्या नावाची नदी’ असा शेरा मारून नदीच्या माहितीला जोडली होती. ती सोडवून घेतली. अभिनेत्रीला नाव ठेवणाऱ्यांच्या मनात कोणती सावित्री होती हे ठरवण्याचा आमच्याकडे काही मार्ग नव्हता आणि गरजही नव्हती. ती महाबळेश्वरहून कोकणात उतरणारी नदी असण्याचे कारण मात्र कुठेच नव्हते. दोन बहिणी एका आईच्या, म्हणून एक दुसरीची लेक ठरत नाही, असे मी बैठकीत म्हणालो. गुरुजींनी विरोध मागे घेतला, पण इतिवृत्तात आपले मत नोंदवायला लावले.

चार अभिनेत्री

पाकीट फोडायला बसलो तेव्हा ‘नदी’ आणि ‘अभिनेत्री’ अशी दोनच पाकिटे पुरतील असा आमचा समज होता. अभिनेत्रींच्या कात्रणांवर दुसऱ्यांदा नजर टाकल्यावर तो टिकला नाही.

पहिल्या त्या तेलुगू-तमिळ चित्रपटांतील सावित्री. ‘मायाबझार’ (१९५७) मधील शशिरेखा ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका. मराठी वाचकाला शशिरेखा म्हणजे कोण हे सांगायचे तर वत्सलाहरणातली वत्सला असे सांगावे. त्या कथेत घटोत्कच वत्सलेचे रूप घेतो, त्यामुळे बराच वेळ सावित्री पडद्यावर वत्सलाही असते आणि वत्सलेच्या रूपातला राक्षसही. चेहरा एक आणि माणसे दोन, हा खेळ त्यांनी नुसत्या मानेच्या आणि खांद्याच्या हालचालीतून उभा केला आहे. आमच्या तालिकेला तेवढेही साधले नव्हते. १९६८ मध्ये त्यांनी ‘चिन्नारि पापलु’ हा चित्रपट दिग्दर्शित केला आणि त्यात तांत्रिक कामे मुख्यतः स्त्रियांकडे सोपवली. दीर्घ आजारानंतर २६ डिसेंबर १९८१ रोजी मद्रासमध्ये त्यांचे निधन झाले.

दुसऱ्या बंगाली रंगभूमी आणि चित्रपटांतील साबित्री चटर्जी, ज्यांना २०१४ मध्ये पद्मश्री मिळाली. तिसऱ्या मणिपूरच्या रंगभूमीवरील हेइस्नाम साबित्री, नाट्यदिग्दर्शक हेइस्नाम कन्हैयालाल यांच्या पत्नी, ज्यांना २००८ मध्ये पद्मश्री मिळाली. चौथ्या मल्याळम चित्रपटांतील सावित्री श्रीधरन. या चौघींची कात्रणे एका पाकिटात होती आणि दोन ठिकाणी तर एकीच्या लेखाला दुसरीचे छायाचित्र टाचलेले होते.

सर्वांत अवघड कात्रण ऑगस्ट २०१९ चे निघाले. त्यात ६६व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांची यादी होती. त्या वर्षी ‘महानटी’मध्ये सावित्रीची भूमिका करणाऱ्या कीर्ती सुरेश यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, आणि त्याच यादीत ‘सुदानी फ्रॉम नायजेरिया’ या मल्याळम चित्रपटासाठी सावित्री श्रीधरन यांचा विशेष उल्लेख झाला. एकाच बातमीत एक सावित्री भूमिकेच्या नावाने आणि दुसरी स्वतःच्या. आमच्या पूर्वीच्या तालिकापत्रावर या दोन्हींचे मिळून “सावित्रीला राष्ट्रीय पुरस्कार” असे एक वाक्य झाले होते, म्हणजे १९८१ मध्ये निधन पावलेल्या अभिनेत्रीला २०१९ मध्ये पुरस्कार.

शुद्धलेखनाचा प्रश्न यातूनच पुढे आला. बंगालीत व आणि ब यांचा उच्चार एकच होतो, म्हणून तिकडची सावित्री ‘साबित्री’ होते, आणि मराठी वर्तमानपत्रे तिला कधी साबित्री तर कधी सावित्री छापतात. दक्षिणेत रोमन लिपीत त साठी टी आणि एच अशी जोडी वापरण्याची पद्धत आहे. ती पाहून कोणीतरी आमच्याकडे एका पत्रावर ‘सावित्थ्री’ असे लिहून ठेवले होते. आडनावांचा क्रमही सारखा नाही. मराठी तालिकेत आडनाव आधी घेतात, म्हणून ‘चटर्जी, साबित्री’ सरळ बसते. हेइस्नाम हे घराण्याचे नाव मुळातच आधी येते, तिथे स्वल्पविराम घालण्याचे कारण नाही. तेलुगूतही घराण्याचे नाव आधी लावतात, पण चित्रपटांतील सावित्री या नुसत्या ‘सावित्री’ म्हणून ओळखल्या गेल्या. ज्यांना आडनाव जोडता येत नाही, त्यांच्यासाठी कंस हाच उपाय उरतो.

कंसात काय लिहायचे यावर दोन बैठका गेल्या. नुसते ‘अभिनेत्री’ पुरेसे नव्हते, हे वर दिसलेच. जन्मवर्ष लिहावे तर तेलुगू सावित्रींचे जन्मवर्ष निरनिराळ्या ठिकाणी निरनिराळे छापलेले आढळले. शेवटी भाषा, काम आणि निधनाचे वर्ष असा कंस ठरला: ‘सावित्री (तेलुगू-तमिळ चित्रपट, निधन १९८१)’. ‘महानटी’ हे बिरुदही आहे आणि चित्रपटाचे नावही, म्हणून त्या शब्दाखाली स्वतंत्र पत्र करून दोन्हीकडे ‘हेही पहा’ अशी नोंद घातली.

संगणकावरील यादीने यात भर घातली. जुन्या नोंदी युनिकोडपूर्व फॉन्टमध्ये टाइप केलेल्या होत्या, त्यामुळे ‘सावित्री’ शोधले की त्या मुळी सापडतच नव्हत्या. त्या पुन्हा टाइप करण्याचे काम दोन महाविद्यालयीन मुलींनी दिवाळीच्या सुटीत केले.

नदीचे उलटे कोडे

अभिनेत्रींच्या बाबतीत एक नाव अनेकींना होते. नदीच्या बाबतीत एकीलाच अनेक नावे निघाली. पोलादपूरपासून महाडपर्यंत तिला सगळे सावित्री म्हणतात. महाडच्या परिसरात गांधारी आणि काळ या नद्या तिला मिळतात. (इथेही नावांची गर्दी आहेच: गांधारी महाभारतातली, आणि काळ हा शब्द तर परांजप्यांच्या साप्ताहिकाचेही नाव. ‘काळ’ या पाकिटाला अजून हात लावलेला नाही, कारण तिथे नदी, साप्ताहिक आणि यम या तिघांची गाठ आहे.) दासगावच्या खाली भरती-ओहोटीचे राज्य सुरू होते. आंबेत आणि म्हाप्रळ ओलांडले की सावित्री हा शब्द लोकांच्या तोंडून जातो आणि ‘खाडी’ एवढाच उरतो; नकाशात ती बाणकोटची खाडी असते. बागमांडल्याहून वेश्वीला फेरीबोटीने जाणाऱ्या माणसाला तुम्ही सावित्री ओलांडताय असे सांगितले तर तो तुमच्याकडे पाहतच राहील. मुखावरच्या बाणकोट किल्ल्याला तर हिंमतगड आणि, इंग्रजांच्या ताब्यात आल्यावर, फोर्ट व्हिक्टोरिया अशी आणखी नावे आहेत.

यामुळे महाडच्या पुराची कात्रणे एका पाकिटात आणि खाडीच्या उधाणाची दुसऱ्यात अशी फारकत झाली होती. वास्तविक डोंगरातून येणारा लोंढा आणि खालून चढणारे उधाण यांची वेळ जुळली की महाडातले पाणी ओसरायला उशीर लागतो, आणि जुलै २०२१ चा पूर समजून घ्यायचा तर ही दोन्ही पाकिटे शेजारी ठेवावी लागतात. म्हणून इथे फोडण्याऐवजी जोडण्याचे काम केले: ‘बाणकोट खाडी’ या पत्रावर ‘सावित्री (नदी) पहा’ असे लिहिले आणि सर्व कात्रणे एकत्र आणली.

दुर्घटनेच्या कात्रणांवर मात्र आमचे बरेच बोलणे झाले. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री मुंबई-गोवा महामार्गावरील, महाडजवळचा १९२८ सालचा दगडी कमानींचा पूल पुरात कोसळला आणि राजापूर-बोरिवली व जयगड-मुंबई या दोन एसटी गाड्या काही खासगी वाहनांसह वाहून गेल्या. नवा पूल ५ जून २०१७ रोजी वाहतुकीस खुला झाला. ही कात्रणे नदीची मानायची की रस्त्याची? शास्त्राप्रमाणे पूल हे बांधकाम, म्हणून आम्ही ‘पूल: महाड’ असे शीर्षक केले आणि समाधानाने पाकीट कपाटात लावले.

त्यानंतर काही दिवसांनी ते निवृत्त चालक तालिकेच्या खणापाशी उभे दिसले. त्यांना त्या रात्रीची वर्तमानपत्रे पाहायची होती. जुन्या पुलावरून त्यांनी स्वतः कित्येक वर्षे रात्रपाळीच्या गाड्या नेल्या होत्या. ते ‘स’च्या खणात शोधत होते. मी त्यांना ‘पूल’ काढून दिले. त्यांनी कात्रणे वाचली, टाचण्या होत्या तशा लावल्या आणि म्हणाले, “इथं कोण बघणार, साहेब? डेपोत त्याला पूल कोणी म्हणत नाही. सावित्री म्हणतात. सावित्रीच्या वेळी कोण ड्युटीवर होता, असं विचारतात.”

आम्ही या नावाची नऊ पत्रे केली होती आणि हा अर्थ त्यांत नव्हता. मी एक कोरे पत्र आणि पेन त्यांच्यापुढे ठेवले. त्यांनी उभ्यानेच, एसटीच्या नोंदवहीत लिहितात तशा सुट्या अक्षरांत लिहिले: ‘सावित्री (२ ऑगस्ट २०१६) – पूल: महाड पहा’. ते दहावे पत्र म्हणून खणात लावले आहे.